वर्गाच्या भिंतीबाहेर

अक्का, काचवाल्याचा परत फोन आला. आज संध्याकाळपर्यंत मापं कायम करून द्या म्हणतो, नाहीतर फॅक्टरीतला नंबर जाईल. देते म्हटलं आणि ठेवला फोन. काय देऊ, कपाळ माझं? तुला जाऊन अजून महिना झाला नाही आणि आपलं भांडण जिथल्या तिथे आहे. बोम्मसंद्र्याच्या शाळेत वर्गाला व्हरांड्याच्या बाजूने काच लावायची की भिंत घालायची, यावर वर्षभर आपण एकमेकींचं डोकं खाल्लं. तू भिंत म्हणालीस, मी काच. आणि मग एका दुपारी जेवून आडवी झालीस ती उठलीच नाहीस. भांडण अर्धवट टाकून निघून जायची सवय माझी, तुझी कधीच नव्हती.

मला एका जागी बसवत नाही. हेही मी ओट्यापाशी उभी राहून लिहितेय. लॅपटॉप उघडते, तो व्हरांडा समोर येतो, बंद करते, दूध तापवते, परत उघडते. सतीश बिचारा, त्याची तर सख्खी बहीण गेलीय, त्याला माझी ही ये-जा सोसत नाही. परवा म्हणाला, "आता अक्काच नाही तर भांडण कसलं? तुला पटतं ते कर ना." मी त्याच्यावर अशी खेकसले की तो गुपचूप गॅलरीत जाऊन उभा राहिला. मला पटतं ते मी केव्हाच करून मोकळी झाले असते. मला ते तुला पटवायचं होतं.

भेटायला येणारे सगळे सांगतात, किती शांत होत्या हो अक्का. शांत? तू? बसवनगुडीच्या त्या शाळेत जन्मभर शिकवलंस, हेडमिस्ट्रेस झालीस, रिटायर झाल्यावरही ट्रस्टच्या इमारत कमिटीत बसून कंत्राटदारांना घाम फोडलास. भावजय आर्किटेक्ट आहे, पुण्याहून शिकून आलीय, याचा काडीचा मुलाहिजा न ठेवता माझ्या पहिल्या ड्रॉइंगवर बोट ठेवून विचारलं होतंस, "इथे कोण बसणार, तू?" पण मी त्या लोकांना हो हो म्हणते. चहा देते. मग आत येऊन भांडी आपटते.

लग्न होऊन मी बेंगळुरात आले तेव्हा सासरचं प्रत्येक माणूस मला काही ना काही दाखवायला नेत होतं. देऊळ, बाजार, ओळखीचा सोनार. तू मला शाळेत नेलंस. सुट्टी होती, आवारात चिटपाखरू नव्हतं. दगडी इमारत, वर कौलं, पुढे लांब व्हरांडा. मी आर्किटेक्टच्या थाटात खांबबिंब बघायला लागले तर तू दंड धरून मला सरळ तिसरीच्या वर्गात नेलंस आणि एका बुटक्या बाकावर बसवलंस. "स्वल्प बैस. आता सांग, बाहेर काय दिसतं?" काही दिसत नव्हतं. खिडक्या इतक्या वर की आभाळाचा तुकडा तेवढा दिसत होता. "मुलानं रस्ता बघू नये म्हणून करून मुद्दाम वर ठेवल्यात. आणि उजेड कुठून येतो?" डावीकडून. सगळ्या वर्गांत डावीकडूनच, म्हणजे लिहिताना वहीवर हाताची सावली पडत नाही. हे मला कॉलेजात शिकवलं होतं, मी ऐटीत सांगूनही टाकलं. तू आपला डावा हात वर केलास. तू डावखुरी. याच शाळेत, याच बाकांवर स्वतःच्या हाताच्या सावलीत लिहीत मोठी झालेली.

"बघ पुणेकरीण," म्हणालीस, "ही इमारत बोलते. गप्प बैस, बाहेर बघू नको, उजव्या हातानं लिही." मग फळ्यापुढचा कट्टा दाखवलास, मास्तर वर आणि मुलं खाली. हेडमास्तरांची खोली बरोबर मधोमध, दोन्हीकडचे वर्ग तिथून नजरेच्या टप्प्यात. आणि प्रत्येक दाराला मोठ्या माणसाच्या डोळ्याच्या उंचीवर होती वाटीएवढी गोल खाच, आतून फळी ठोकून बंद केलेली. तिथे पूर्वी काच होती म्हणालीस. तुझी नोकरी नवी असताना त्या काचेत हेडमास्तरांचा डोळा यायचा. त्यांना फळ्यावर डाव्या हातानं लिहिलेलं खपायचं नाही. डोळा दिसला की तू खडू या हातातून त्या हातात घ्यायचीस, अक्षर वाकडंतिकडं यायचं, मुलं खुदखुदायची. ही गोष्ट तू हसत सांगितलीस. मीही हसले. हसण्यासारखं त्यात काय होतं ते आज मला सापडत नाही.

त्या दिवशी आपण अख्खं आवार पालथं घातलं. मागची सिमेंटची विंग, मुलं भराभर वाढली तेव्हाची. मधे अंधारा बोळ, दोन्हीकडे वर्ग, आणि भिंती इतक्या पातळ की एका वर्गाचे पाढे शेजारच्या वर्गाला पाठ. मी नाक मुरडलं. तू म्हणालीस, "तेव्हा एकच घाई होती, सगळ्यांना आत घ्यायचं. ज्यांच्या घरात कुणी शाळा बघितली नव्हती ती पोरं या बोळात शिकली. नाक नको मुरडू." मग वरच्या मजल्यावरची कॉम्प्युटरची खोली. एसी, पडदे, कुलूप, चपला बाहेर. मुलं रांगेनं आत जायची, हात जोडून बसायची आणि कशालाही न शिवता परत यायची, कारण बिघडलं तर कोण बघणार. त्या काळात शाळेत सगळ्यात महत्त्वाची वस्तू मुलगा नव्हता, मशीन होतं, हे तुझंच वाक्य. मी ते नंतर एका सेमिनारमध्ये माझं म्हणून खपवलं आणि टाळ्याही घेतल्या. तू पहिल्या रांगेत बसून मिस्कील हसत होतीस.

मग आमची पिढी आली. आम्ही कट्टा काढला, फळा काढला, कोपरे गोल केले, बाकं हाकलून दिली आणि जमिनीवर रंगीत गाद्या टाकल्या. मूल आपलं आपण शिकतं, बाईंनी फक्त आसपास असायचं, म्हणून भिंतीही काढल्या. "वर्ग" हा शब्दसुद्धा ड्रॉइंगवरून गेला, तिथे लांबलचक इंग्रजी नावं आली. तू कोरमंगलाच्या माझ्या ऑफिसात यायचीस, चष्मा कपाळावर चढवून ती नावं एक एक वाचायचीस आणि शेवटी सगळ्यांसमोर विचारायचीस, "ते सरी, ठीक आहे. पण यात तिसरी कुठे बसते?" माझी ज्युनिअर पोरं तुझ्यावर फिदा होती. मला मात्र तुला खिडकीतून खाली टाकावंसं वाटायचं.

माझ्या पहिल्या शाळेत मी उघड्यावर दगडी पायऱ्या केल्या होत्या. मुलं बसतील, नाटकं करतील, गप्पा मारतील. तू भर दुपारी तिथे जाऊन बसलीस आणि ताडकन उठलीस. "इथे पापड वाळतील." तोवर मी तुला अहो अक्का, तुम्ही अक्का करत होते. त्या दिवशी माझा तोल गेला. "तू आर्किटेक्ट आहेस का?" साइटवरचे गवंडी हात थांबवून बघायला लागले. धाकट्या भावजयीनं मोठ्या नणंदेला चारचौघांत असं बोलायचं म्हणजे काय. तू पदर झटकलास आणि म्हणालीस, "सरी. आता बरं वाटलं कानाला." तेव्हापासून आपलं अगं-तुगं. त्या पायऱ्यांवर पुढे पत्रा टाकावा लागला. त्यावर तू एका अक्षरानं बोलली नाहीस, ते मला जास्त लागलं.

आपल्या सगळ्या भांडणांच्या तळाशी एकच भांडण होतं. मी म्हणायचे, इमारतच शिकवते. उंच खिडकी एक शिकवते, काच दुसरं शिकवते, बाई काहीही बोलोत. तू म्हणायचीस, "अय्यो, मग बाईचा पगार इमारतीला द्या." हेडमिस्ट्रेस झालीस तेव्हा सगळ्यांना वाटलं अक्का आधी तो कट्टा फोडणार. तू नाही फोडलास. ज्याला प्रश्न पडला त्यानं कट्ट्यावर चढून विचारायचा, असा नियम केलास. मूल वर, बाई खाली. पुढे पुढे मुलं नुसती कट्ट्यावर चढायला मिळावं म्हणून प्रश्न शोधून काढायची. हे तू मला सतरांदा ऐकवलंस. मी दरवेळी म्हणायचे, तू होतीस म्हणून झालं, तू गेल्यावर तो कट्टा परत मास्तरांचाच. यावर तू गप्प बसायचीस. मला वाटायचं, इथे मी जिंकले.

दाराच्या त्या गोल काचा मात्र तू पहिल्याच आठवड्यात सुताराला बोलावून बंद करून घेतल्यास. मग आत काय चाललंय ते हेडमिस्ट्रेसला कळणार कसं? मी विचारलं होतं. तेव्हा तू मला तुझ्या फेरीवर नेलंस.

तू वर्ग बघायची नाहीस, ऐकायचीस. चपला ऑफिसात काढून ठेवायच्या, म्हणजे पावलांची चाहूल लागत नाही. मान खाली घालून व्हरांड्यातून चालायचं, भिंतीच्या अगदी कडेनं. गोंगाट असला तर तू थांबायचीसुद्धा नाहीस. "कल्ला करणाऱ्या वर्गाची काळजी नाही. गप्प वर्गापाशी थांबायचं." भिंतीला पाठ टेकून उभी राहायचीस, डोळे मिटून. म्हणायचीस, गप्प बसणं दोन तऱ्हेचं असतं, एक लिहिणाऱ्यांचं आणि एक घाबरलेल्यांचं. मला दोन्ही सारखीच वाटत होती. तू एकाएकी डोळे उघडलेस, सहावीचं दार वाजवलंस आणि आत गेलीस. "खडू आहे का एक?" आत एक मुलगा बाकावर उभा होता, कान लालबुंद. तू बाईंना एक शब्द बोलली नाहीस. खडू घेतलास, फळ्यावरचं वाचलंस, त्या मुलाला सहज म्हणालीस, बस की रे, हे गणित मला पण येत नाही. आणि आलीस बाहेर. शाळेतले शिक्षक आपसात विचारायचे म्हणे, आज अक्कांनी किती खडू नेले. रिटायर झाल्यावर ट्रस्टनं बोम्मसंद्र्याला पत्र्याच्या शेडमध्ये शाळा सुरू केली, तर दर बुधवारी बस बदलून तिथे जाऊ लागलीस. कुणी सांगितलं नव्हतं. फेरी घालायला.

आणि तीच शेडची शाळा आता पक्की बांधायचं काम माझ्याकडे आलं. आजूबाजूला सगळे कारखाने. कुणी ओडिशाहून आलेलं, कुणी बिहारहून, कुणी आपल्या विजापूर-बेळगावकडचं. आई आणि बाप दोघंही शिफ्टला. मी म्हटलं, व्हरांड्याच्या बाजूला जमिनीपासून वरपर्यंत काच. जाता-येता कुणालाही आतलं दिसेल. ट्रस्टचे सेक्रेटरी खूश, त्यांनी ते लगेच ब्रोशरमध्ये छापलं. तू कमिटीच्या मीटिंगमध्ये सरळ म्हणालीस, "नको. मुलाला चुकायला आडोसा लागतो." मी म्हटलं, आडोशाला काय काय चालतं ते पेपरात वाचतेस ना? माझी स्वतःची मुलगी शाळेत जाते, अक्का. तुझा चेहरा उतरला. "वाचते गं," म्हणालीस, "पण चोवीस तास बघणारं कुणी असलं की मूल नाटक शिकतं, बाकी काही शिकत नाही." सेक्रेटरी घड्याळ बघत होते. निर्णय पुढच्या मीटिंगवर गेला. मग त्याच्या पुढच्या.

आपण शेवटच्या भेटलो ते त्या कोपऱ्यावरच्या दर्शिनी हॉटेलात. उभ्यानंच, बाय-टू कॉफी. एक कॉफी दोन पेल्यांत, आणि नेहमीप्रमाणे तू तुझ्यातली अर्धी परत माझ्यात ओतलीस. काचेवरून आपलं वाजून झालं होतं, दोघी दमलो होतो. तू पेला खाली ठेवलास. "मुग्धा, आर्किटेक्ट स्वल्प बाजूला ठेव. तुला ही काच काय म्हणून पाहिजे, खरं सांग." मी म्हटलं, सेफ्टी. "ते ब्रोशरमधलं झालं. तुझं सांग." मी तोंड उघडलं होतं गं. खरंच उघडलं होतं. तेवढ्यात कॅबवाल्याचा फोन आला, तो रस्त्याच्या पलीकडे उभा होता आणि मागून हॉर्न वाजत होते. पुढच्या वेळी सांगते म्हटलं. तू म्हणालीस, सरी.

तर आता ऐक. पुण्यात, मी चौथीत. भागाकार चुकला म्हणून बाईंनी बोटांच्या पेरांवर पट्टी मारली आणि कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून उभं केलं. दुपारभर. मधली सुट्टी झाली तरी बस म्हटलं नाही, म्हणून मी उभीच. दार बंद. त्या दिवशी मी डबा विसरले होते. आणि मला बाहेर आईचा आवाज ऐकू आला. ती शिपायाला विचारत होती, हाच वर्ग ना? डबा राहिलाय हो तिचा. शिपाई म्हणाला, द्या, मी देतो, तास सुरू झालाय. माझी आई माझ्यापासून हातभर अंतरावर उभी होती, अक्का. मधे भिंत होती फक्त. मला हाक मारता आली नाही, कारण बाई बघत होत्या. मग तिच्या चपलांचा आवाज लांब लांब गेला. घरी गेल्यावर तिनं विचारलं, मिळाला का गं डबा? मी हो म्हटलं.

त्या भिंतीत काच असती तर आईनं मला बघितलं असतं. बास. माझं सगळं आर्किटेक्चर एवढंच आहे. बक्षिसं, मासिकांतले फोटो, "पारदर्शक शिक्षण" म्हणून मी देते ती भाषणं, सगळं त्या एका दुपारचं आहे. हे मी सतीशला सांगितलेलं नाही. आईला तर नाहीच, ती आता ऐंशीला आली, तिला कशाला. तुला सांगणार होते. तुला सांगितलं असतं तर तू काय केलं असतंस तेही मला माहिती आहे. उरलेली कॉफीपण माझ्या पेल्यात ओतली असतीस, माझ्या पाठीवरून हात फिरवला असतास, आणि मग म्हणाली असतीस, "तरीपण भिंतच घाल." तुझा मला इतका राग येतो ना कधी कधी. आणि कुणावर रागवायचं आता, तर तेही माणूस नाही.

तुझं तेरावं झाल्यावर मी परत साइटवर जायला लागले. गेल्या आठवड्यात मंजुनाथ, आपला सुपरवायझर, म्हणाला, "मॅडम, सॅम्पल वर्ग रेडी आहे. काच पण बसवली, बघून घ्या." मीच सांगितलं होतं एक वर्ग पूर्ण करून दाखवा म्हणून. झालाही होता देखणा. मी म्हटलं, शेडमधली तिसरी आणून बसवा, मला मुलं आत कशी दिसतात बघायचंय. मुलं आली, बाई आल्या, काहीतरी लिहायला दिलं. मी व्हरांड्यात काचेसमोर उभी राहिले. सगळं स्वच्छ दिसत होतं. मला भरून आलं. मनात म्हटलं, अक्का, बघ. इथे कुणाची आई डबा घेऊन आली तर तिला दिसेल.

पुढच्याच रांगेत एक मुलगी होती, दोन वेण्या, एक रिबीन सुटलेली. पेन्सिलीचं टोक चावत छताकडे बघत होती. ओठ हलत होते. मनातल्या मनात काहीतरी जुळवत होती, आता सापडेल आता सापडेल असं. तिची नजर खाली आली आणि मी दिसले. झटकन पेन्सिल खाली. पाठ ताठ. हाताची घडी, तोंडावर बोट. तिनं शेजारणीला कोपरानं ढोसलं, तिचीही घडी. एक एक करत अख्ख्या रांगेची. बाईंनी मान वर करून मला बघितलं, त्यांचा आवाजही एकदम गोड झाला. मी हसले, हात हलवला, लिहा लिहा अशी खूण केली. कुणी लिहिलं नाही. मी बाजूला सरकले आणि खांबाआडून डोकावले तर ती मुलगी तशीच बसलेली, डोळ्यांच्या कोपऱ्यातून काचेकडे बघत, मी गेले का ते.

तिला जे काय सापडणार होतं ते गेलं. माझ्यामुळे गेलं. मला वाटत होतं मी त्या काचेबाहेर उभी असलेली आई आहे. तिला मी हेडमास्तरांचा डोळा दिसले. मंजुनाथ विचारत होता, "हेगिदे मॅडम? कशी आहे?" मी गाडीत जाऊन बसले आणि ढसाढसा रडले. तू गेलीस त्या दिवशीही मी अशी रडले नव्हते.

तरी मला लगेच पटलं असं समजू नकोस. चार दिवस मी घरात येरझाऱ्या घातल्या. अर्धी काच, वर काच, खाली काच, दुधी काच, सगळं काढून बघितलं. उंच काच लावली तर तीच जुनी उंच खिडकी, खाली लावली तर पाय दिसणार, आणि घाबरलेल्या मुलाचे पायपण इतर मुलांसारखेच दिसतात. परवा सेक्रेटरींना फोन केला आणि म्हटलं, भिंत घालायचा विचार करतेय. ते उखडले. पेरेंट्सना काच दाखवलीय, आता काय सांगायचं? मग आवाज खाली आणून म्हणाले, "आणि भिंतीआड काही कमीजास्त झालं तर कोण बघणार, मॅडम?" अगदी माझंच वाक्य. वर्षभर मी तुला हेच विचारत होते. तू दरवेळी म्हणायचीस, "मी आहे ना." मला ते ऐकून चीड यायची, कारण ते काही उत्तर नव्हतं. ड्रॉइंगमध्ये ते कुठे दाखवणार? सेक्रेटरींना नुसतं बघते म्हटलं.

काल बुधवार होता. मी ऑफिसात कुणाला न सांगता बोम्मसंद्र्याला गेले, शेडच्या शाळेत. दारात बसलेल्या आयाम्मांनी विचारलं, अक्का नाही आल्या? त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं. मी सांगितलं. त्या डोक्याला हात लावून बसून राहिल्या. मग मी चपला काढल्या आणि पत्र्याच्या कडेकडेनं चालायला लागले. फरशी गार होती. पहिल्या वर्गात कल्ला चालला होता, पुढे गेले. पुढचे दोन वर्ग गप्प. मी मधल्या पत्र्याला पाठ लावली, डोळे मिटले. बाहेरून ट्रकचे आवाज येत होते, कुठेतरी मशीन धडधडत होतं. मी श्वाससुद्धा रोखून धरला होता. एका वर्गातली शांतता लिहिणाऱ्यांची असेल, दुसऱ्यातली घाबरलेल्यांची असेल, दोन्हीकडे लिहीत असतील, दोन्हीकडे कुणीतरी कोपऱ्यात उभं असेल. मला काही कळलं नाही. शेवटी न राहवून दोन्ही दारं वाजवली. इकडे डिक्टेशन चाललं होतं. तिकडेही डिक्टेशनच. बाई म्हणाल्या, "येस मॅडम?" आणि सगळी मुलं माझ्यासाठी उठून उभी राहिली.

काचवाल्याला आत्ता फोन करून सांगितलं, काच रद्द. तो दोन शब्द बोलला, मी चार बोलले. वीट येईल, गिलावा येईल, तुझ्या मनासारखी भिंत होईल. ती मुलगी पेन्सिल चावत छताकडे बघेल आणि तिला कुणी बघणार नाही. दर बुधवारी मी तिथे जाणार आहे. शिकेन. तू एवढी वर्षं ऐकून ऐकून शिकलीस, मीही शिकेन कधीतरी. पण मला ऐकू यायला लागेपर्यंत आत कोपऱ्यात उभ्या असलेल्या मुलीनं काय करायचं गं, अक्का?